आवक क्रमांक चारशे बारा

१

फाईल जागेवर होती. फायलीतले उत्तर गायब होते.

शुक्रवारी सकाळी साडेदहाला हे कळले तेव्हा अध्यक्षांच्या खोलीत पाच माणसे उभी होती आणि पाचही जणांनी एकाच वेळी फायलीकडे पाहिले. एक्स-रे आणि सोनोग्राफी केंद्रांना परवाने देणाऱ्या मंडळाचे ते कार्यालय. तिथे फायलींना तोटा नव्हता. पण या फाईलची सुनावणी त्याच दिवशी दुपारी तीनला होती. मंडळाची कारणे दाखवा नोटीस तिच्यात होती, तपासनिसाचा अहवालही होता. त्यानंतर जिथे केंद्राचे उत्तर लावलेले असायला हवे, तिथे टॅगचे रिकामे टोक लोंबत होते.

"मी उत्तर दिलंय," केंद्राच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "सोमवारी. मुदत बुधवारची होती. ही बघा पोच."

पोच अध्यक्षांच्या हातातून फिरत फिरत टपालबाईंपर्यंत आली. आवक क्रमांक चारशे बारा. शिक्का स्वच्छ, सही वळणदार. सही त्यांचीच होती.

टपालबाई म्हणजे आवक-जावक टेबलावरच्या बाई. एकतीस वर्षे त्या एकाच खिडकीशी बसलेल्या. निवृत्तीला सात आठवडे उरले होते आणि इतक्या वर्षांत आपल्या हातून एक कागद हरवला नाही, हे त्या नव्या माणसाला पहिल्या दिवशीच ऐकवत. जुन्यांनाही अधूनमधून ऐकवत. पाकीट हातात घेतले, त्यावरून अंगठा फिरवला की ते कुठल्या टेबलाचे हे त्यांना कळे. "वाचायचं कशाला? टपाल हाताला कळतं," असे त्यांचे म्हणणे. लोक हसत, पण मानतही.

"पोच आहे म्हणजे पाकीट आलं, एवढं मी मान्य करतो," अध्यक्ष म्हणाले. घाईचा माणूस. प्रत्येक वाक्य संपवताना ते घड्याळाकडे बघत. "आत काय होतं ते मात्र मी पाहिलेलं नाही."

"पत्राची नक्कल आहे माझ्याकडे. पण सोबत मूळ फिल्म जोडली होती. ती एकच होती. सगळं तिच्यावरच आहे, साहेब!"

"मग फिल्मशिवाय तुमचं पत्र म्हणजे नुसती हकिकत. तीनपर्यंत ती सापडली तर बघू. नाही सापडली तर समोर जे आहे त्यावर आदेश करावा लागेल. परवाना रद्द, मशीनला सील. आजच."

डॉक्टरीणबाई वळल्या आणि भिंतीला टेकून उभ्या असलेल्या तपासनिसाकडे त्यांनी बोट दाखवले. "यांनाच विचारा! अहवाल यांचा, फाईलही यांच्याच हातात असते. उत्तर यांनीच काढून घेतलंय. चोर आहेत हे!"

अध्यक्ष म्हणाले, "तसं निघालं तर त्यांचीही चौकशी लावेन. टपालबाई, पाकीट तुमच्या हातात आलं होतं. शोधा."

२

टपालबाईंनी आधी जिने ते पाकीट आणून दिले तिलाच गाठले. डॉक्टरीणबाईंची नणंद केंद्रात तंत्रज्ञ होती. दोघींनी मिळून ते केंद्र उभे केले होते. मशीन एक, खोल्या दोन, आणि आजूबाजूच्या वस्तीत दुसरे केंद्र नाही. हात मोडलेले मूल असो की खोकल्याने बेजार म्हातारा, सगळे तिथेच येत.

आत बसायला जागा नव्हती. दातांच्या दवाखान्यांचे टेबल सांभाळणारे दातकाका गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी दहा दिवस रजेवर होते. टपालबाईंनी त्यांच्या खुर्चीवरचा पाकिटांचा बांधलेला गठ्ठा उचलून खिडकीत ठेवला आणि नणंदेला बसवले.

"पाकीट तूच दिलंस? नक्की?"

"हो. तुम्हीच घेतलंत की. खिडकीशी ही गर्दी होती. तुम्ही शिक्का मारलात, वहीत लिहिलंत, पोच फाडून दिलीत आणि पाकीट मागच्या टोपलीत टाकलंत."

टपालबाईंना आठवले. महिनाअखेरचा सोमवार, नुसती झुंबड. "काय होतं आत? मला समजेल असं सांग."

नणंदेने गळ्याशी अडकवलेली चपटी डबी दाखवली. "हा बॅज. एक्स-रेच्या खोलीत काम करणाऱ्या प्रत्येकाला लावावा लागतो. आत छोटी फिल्म असते. अंगावर किती किरण पडले ते तिच्यावर उमटतं. तीन महिन्यांनी ती प्रयोगशाळेत जाते. या वेळी माझ्या बॅजवर मर्यादेच्या तिप्पट आकडा आला. म्हणून नोटीस आली, तुमच्या केंद्रात किरण गळतात म्हणून."

"आणि गळतात का?"

"नाही हो! आई आजारी होती म्हणून मी बारा दिवस गावी गेले. माझा शिशाचा एप्रन मशीनच्या खोलीत खुंटीवर राहिला, आणि बॅज एप्रनलाच लावलेला. माझ्या जागी बदली माणूस फिल्मा काढत होता. बारा दिवस तो बॅज एकाच जागी लटकून किरण खात राहिला." तिने मान खाली घातली. "बॅज खोलीबाहेर ठेवायचा असतो हे मला पहिल्या वर्षापासून माहीत आहे. चूक माझीच. पत्रात तसं लिहून सही केलीय मी. वहिनी नको म्हणत होत्या, माझी नोकरी जाईल म्हणून."

"पण हे खरं कशावरून?"

"फिल्मवरून! बॅजच्या आत धातूच्या पट्ट्या असतात. माणूस हलतं, फिरतं, वळतं, म्हणून अंगावरच्या बॅजमध्ये पट्ट्यांची सावली पुसट येते. बॅज एका जागी लटकलेला असेल तर सावलीच्या कडा कापल्यासारख्या येतात. माझ्या फिल्मवर कडा अगदी स्वच्छ आहेत. प्रयोगशाळेकडे नुसता आकडा असतो. फिल्म त्यांनी आम्हाला परत दिली होती."

"केवढी असते ती?"

नणंदेने दोन बोटांत अंतर धरले. टपालाच्या मोठ्या तिकिटाएवढी.

एवढीशी वस्तू. ती खिशात जाते, वहीत जाते, केराच्या टोपलीत जाते. आणि ती कोणाला नको असेल, याचे उत्तर टपालबाईंच्या मनात केव्हाच तयार झाले होते.

३

तपासनिसाला सगळे मीटरवाला म्हणत. किरण मोजायचे मीटर खांद्याला लटकवून तो केंद्रे हिंडे, कोणाकडे चहा घेत नसे आणि कोणाशी दोन शब्द जास्तीचे बोलत नसे. असा माणूस कार्यालयात कोणाला आवडत नाही. टपालबाईंना तर मुळीच आवडत नसे. एकदा त्याने त्यांच्या खिडकीशी उभे राहून, "पत्ता वाचून टाका हो," असे म्हटले होते. ते त्यांना अजून खुपत होते.

रेकॉर्ड खोलीच्या वहीत नोंद होती. बुधवारी संध्याकाळी पाच वाजून दहा मिनिटांनी मीटरवाल्याने हीच फाईल मागून घेतली होती आणि पावणेसहाला परत केली होती. शिपाई म्हणाला, "बाहेर पडताना साहेबांच्या हातात पिशवी होती. जाडजूड."

टपालबाईंना आणखी काय हवे होते? त्या तडक त्याच्या टेबलाशी गेल्या.

"बुधवारी फाईल कशाला काढली होतीत?"

"काम होतं."

"पिशवीत काय होतं?"

"डबा." त्याने वर पाहिले. "फायलीत उत्तर तेव्हाही नव्हतं. बाई, त्यांनी उत्तरात नेमकं काय लिहिलंय? फिल्म कशी दिसते म्हणतात?"

काय साळसूदपणा! टपालबाईंचे डोके तडकले. "ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत असणार," असे म्हणून त्या वळल्या. तो मागून काहीतरी सांगू लागला होता. "अहो बाई, फायलीच्या डाव्या बाजूला" एवढेच त्यांनी ऐकले. पुढचे ऐकायला त्या थांबल्या नाहीत.

घड्याळात सव्वाबारा झाले होते.

४

दीडपर्यंत त्यांनी रेकॉर्ड खोली पालथी घातली. कपाटामागे, रॅकखाली, रद्दीच्या पोत्यात. साडीला धूळ लागली, हाताला जळमटे. पाकीट नव्हते. बाहेरच्या बाकावर डॉक्टरीणबाई आणि त्यांची नणंद बसल्या होत्या. डॉक्टरीणबाईंच्या मांडीवरचा फोन सारखा वाजत होता. "हो, थांबवून ठेव त्यांना. मुलाचा हात हलवू नका म्हणावं. मी तीननंतर कळवते." तीननंतर काय कळवणार होत्या, हे त्यांनाही माहीत नव्हते. टपालबाईंना त्यांच्याकडे बघवेना.

त्या स्टेनोबाईंकडे गेल्या. दोघींची वीस वर्षांची मैत्री.

"मंगळवारी ही फाईल तुझ्याकडे होती ना? उत्तर पाहिलंस?"

"नव्हतं ग. असतं तर दिसलं असतं. मी आदेश टाइप करत होते."

"कसला आदेश?"

स्टेनोबाईंनी इकडेतिकडे पाहिले आणि खणातून एक कागद काढला. 'सदर केंद्राकडून मुदतीत उत्तर प्राप्त झाले नाही. सबब परवाना रद्द करण्यात येत आहे.' खाली सहीची जागा कोरी, तारखेची जागा कोरी.

टपालबाईंनी तो दोनदा वाचला. "मंगळवारी? अगं, मुदत बुधवारची होती! उत्तर येणार नाही हे मंगळवारी कोणाला माहीत होतं?"

"कोणाला माहीत असायला कशाला हवं? साहेब म्हणतात नेहमीचा नमुना टाकून ठेव. वर्षभर असंच चाललंय. सुनावणी होते, माणसं बोलतात, आणि साहेब तयार कागदावर तारीख घालतात. उत्तर आलं तर पहिली ओळ बदलायची, बास."

सुनावणीची दाराबाहेर लावलेली पाटी टपालबाईंना तिथून दिसत होती. आत बोलणाऱ्या माणसांचा निकाल आधीच खणात पडलेला असे आणि त्यावर आवक-जावकचे शिक्के त्यांनीच वर्षभर मारले होते. त्यांना बसावेसे वाटले.

"सुनावणीसाठी फाईल तुझ्याकडेच आलीय ना? दे जरा," त्या म्हणाल्या.

फायलीच्या उजव्या बाजूला पत्रव्यवहार असतो, तो सगळे चाळतात. डाव्या बाजूला टिपणी असते, ती कोणी उघडत नाही. टपालबाईंनी या वेळी ती उघडली. शेवटच्या पानावर मीटरवाल्याचे बारीक अक्षर होते. तारीख बुधवारची.

'मी केंद्राच्या भिंती व दार पुन्हा मोजले. गळती आढळली नाही. बॅजवरील आकडा एका जागी पडून राहिल्याने आला असावा अशी मला शंका आहे. वापरलेल्या बॅजची मूळ फिल्म केंद्राकडून मागवून पाहावी. तोपर्यंत आदेश करू नये.'

खाली अध्यक्षांची सही नव्हती. टिपणी कोणी वाचलीच नव्हती.

टपालबाई तशाच उभ्या राहिल्या. ज्याने फिल्म चोरली तो ती मागवा म्हणून कशाला लिहील? मीटरवाल्याला फिल्म आल्याचे माहीतच नव्हते. मंगळवारी स्टेनोबाईंना उत्तर दिसले नव्हते, बुधवारी मीटरवाल्याला दिसले नव्हते. म्हणजे उत्तर फायलीतून गेले नव्हते. ते फायलीत पोहोचलेच नव्हते.

सोमवारी दुपारी ते खिडकीत आले. मंगळवारी सकाळी फाईल स्टेनोबाईंकडे गेली. मधल्या वेळात त्या पाकिटाला एकाच माणसाचा हात लागला होता.

५

त्या आपल्या खुर्चीत येऊन बसल्या आणि त्यांनी सोमवारची आवक वही उघडली. चारशे बारा, नणंदेच्या केंद्राचे. त्याच्या वर दातांचा दवाखाना. त्याच्या खाली दातांचा दवाखाना. मागचे पान, पुढचे पान, सगळे दातांचे दवाखाने.

महिनाअखेर! दातांच्या दवाखान्यांनी वर्षातून एकदा आपल्या मशीनची नमुना फिल्म पाठवायची असते. तिची शेवटची तारीख सोमवारच होती. पन्नासेक पाकिटे आली होती आणि प्रत्येकात एक लहानशी, कडक, चौकोनी फिल्म होती. दाताच्या एक्स-रेची फिल्म केवढी असते? टपालाच्या मोठ्या तिकिटाएवढी.

सव्वापाचला त्यांनी टोपली उपसली होती. मोठ्या केंद्रांची पाकिटे लांबरुंद आणि लवचीक असतात, ती डावीकडे टाकली. कोपऱ्यात चौकोनी कडक तुकडा लागला की उजवीकडे, दातांचे. नाव वाचले नव्हते. अंगठा फिरवला होता. मीटरवाल्यालाही ती फिल्म दातांची कधी वाटली नसती, अध्यक्षांनाही नाही. ही चूक अख्ख्या कार्यालयात फक्त त्यांनाच करता आली असती.

दातकाकांची खुर्ची रिकामी होती. गठ्ठा खिडकीत होता. सकाळी त्यांनी स्वतःच्या हाताने उचलून ठेवला होता, आणि ज्या मुलीचे पाकीट त्यात होते तिलाच त्या खुर्चीवर बसवून विचारले होते, फिल्म केवढी असते म्हणून!

सुतळीची गाठ सुटेना. दाताने सोडवली. वरून एकोणिसावे पाकीट. आवक क्रमांक चारशे बारा.

दोन वाजून चाळीस मिनिटे झाली होती. जेवणानंतरची सुस्ती होती, टेबलाशी कोणी नव्हते. पाकीट हातात धरून टपालबाई उभ्या होत्या. रेकॉर्ड खोलीत जायचे, रॅकमागे हात घालायचे आणि ओरडायचे, सापडलं! कोण विचारणार होते? केंद्र वाचले असते. एकतीस वर्षांना डाग लागला नसता. सात आठवड्यांनी निरोपाच्या दिवशी लोकांनी तेच कौतुक पुन्हा ऐकून घेतले असते.

पण मग प्रश्न उरला असता, की रॅकमागे ते टाकले कोणी. आणि रेकॉर्ड खोलीच्या वहीत नाव मीटरवाल्याचेच होते. चौकशी त्याची लागली असती. तो बोलतही नाही धड, स्वतःला कसा वाचवणार?

नणंदेने सही करून लिहिले होते, चूक माझीच. तिची नोकरी जाणार होती तरी लिहिले होते. टपालबाईंची तर नोकरी संपलीच होती. मग भीती कसली वाटत होती? वाटत होती मात्र खूप.

६

तीनला दोन मिनिटे असताना त्या सुनावणीच्या खोलीत शिरल्या. टेबलावर फाईल होती आणि तिच्यावर स्टेनोबाईंनी टाइप केलेला कागद. अध्यक्षांनी पेनाचे टोपण काढले होते.

"सापडलं," टपालबाई म्हणाल्या. "दातांच्या पाकिटांत होतं. कोणी चोरलेलं नाही. सोमवारी मीच टाकलं तिथे. पत्ता न वाचता, नुसतं चाचपून."

डॉक्टरीणबाईंनी तोंडावर हात ठेवला. मीटरवाला टक लावून टपालबाईंकडे बघत राहिला.

"ठीक आहे, ठीक आहे," अध्यक्ष घड्याळाकडे बघत म्हणाले. "उत्तर आता घ्या फायलीत. पण सुरक्षेचा मामला आहे, आदेश तर—"

"साहेब," टपालबाई म्हणाल्या. एकतीस वर्षांत त्यांनी कोणत्याही अध्यक्षांचे वाक्य मध्येच तोडले नव्हते. "मी सोमवारी चुकले. तो कागद मंगळवारी टाइप झाला. मुदत बुधवारपर्यंत होती. आणि बुधवारची टिपणी डाव्या बाजूला आहे, ती अजून कोणी वाचलेली नाही."

अध्यक्षांचे कान लाल झाले. त्यांनी फाईल उघडली, डावी बाजू उघडली आणि पहिल्यांदाच, घड्याळाकडे न बघता, एक पान पुरते वाचले. मग पेनाला टोपण घातले आणि टाइप केलेला कागद पालथा ठेवला.

"लाइट बॉक्स लावा," ते मीटरवाल्याला म्हणाले.

दुधी काचेच्या पेटीत दिवा लागला. मीटरवाल्याने पाकीट उघडले, फिल्म चिमट्यात धरून काचेवर ठेवली आणि भिंग पुढे केले. नणंद नखे खात होती. त्याने बराच वेळ पाहिले, इतका वेळ की टपालबाईंना वाटले आता काही खरे नाही.

"कडा सरळ आहेत," तो म्हणाला. "कापल्यासारख्या. हा बॅज कोणाच्या अंगावर नव्हता."

डॉक्टरीणबाई रडू लागल्या. नणंद त्यांना सावरायला गेली आणि स्वतःच रडू लागली. मग मीटरवाल्याला चोर म्हटल्याचे आठवून डॉक्टरीणबाई त्याच्यासमोर जाऊन हात जोडून उभ्या राहिल्या. तो गडबडला आणि मीटरच्या पट्ट्याशी खेळत राहिला.

परवाना राहिला. बॅज खोलीबाहेर ठेवावा अशी लेखी ताकीद केंद्राला मिळाली. ती नणंदेने तिथेच सही करून घेतली आणि दोघी जवळजवळ धावतच जिना उतरल्या, कारण तिकडे मोडक्या हाताचे मूल थांबले होते.

सोमवारी सकाळी मीटरवाला टपालबाईंच्या खिडकीशी आला. हातात एक पाकीट होते.

"मी तुम्हाला चोर ठरवलं होतं," टपालबाई एकदम म्हणाल्या. शनिवार-रविवार दोन्ही दिवस त्यांनी हे वाक्य घोकले होते. "मनातल्या मनात. तुम्हाला विचारायच्या आधीच."

"विचारलंत की," तो म्हणाला. "ऐकायला थांबला नाहीत एवढंच." मग, हे फार बोलणे झाले असे वाटून, त्याने पाकीट पुढे सरकवले. "साहेबांची कारणे दाखवा नोटीस आहे. नोंद करा. उत्तर द्यायला पंधरा दिवस आहेत. आणि स्टेनोबाईंनी अजून काही टाइप केलेलं नाही. मी विचारून आलोय."

टपालबाईंनी पाकीट घेतले. सवयीने अंगठा त्यावर फिरायला निघाला. त्यांनी तो मागे घेतला, चष्मा डोळ्यांवर चढवला आणि पाकिटावरचे नाव सावकाश वाचले. नाव त्यांचे स्वतःचेच होते. त्यांनी वही उघडली, नाव लिहिले आणि शिक्का मारला.